डबा भरू की नको

धम्मपाल,

सुट्टी म्हणून तू सकाळी केलेला अंड्याचा जाड पोळा खाल्ला. बटाटा, गाजर, सिमला मिरची सगळं एकसारखं बारीक चिरलेलं, कुठे करपलेलं नाही. सहाही अंडी तू एका हाताने फोडलीस, मी दारातून बघत होते. लूमवर, कापडाच्या मागावर बारा तास उभा राहणारा माणूस हे कधी शिकला?

आठ दिवस झाले, तुझ्या केसांत सुताचा भुगा नाही. शर्टाला मशीनच्या तेलाऐवजी कांद्याचा वास येतो. भेस्तानला कुणाच्या अंड्याच्या लारीवर, हातगाडीवर उभा राहतोस का? त्यात लाज कसली! खोटं मात्र बोलू नकोस.

मी विहारात जाते. उद्या लूमचा डबा भरू की नको, ते याच कागदावर मोठ्या अक्षरांत लिहून ठेव.

आई