एका मतपत्रिकेवरील दोन फुल्यांबाबत

प्रति,
मा. चौकशी अधिकारी,
खाडीकाठ कबड्डी संघटना निवडणूक वाद,
पनवेल.

अर्जदार: श्रीमती रंभा धर्मराज मढवी, वय ७२, आजीव सभासद.

विषय: मतपत्रिकेवरील दोन्ही फुल्या अर्जदाराच्याच असल्याबाबत व एक शेवटची तारीख मिळण्याबाबत.
संदर्भ: आपली सुनावणीची नोटीस, दि. ३ मार्च २०२५.

महोदय,

१. ही संघटना अर्जदाराच्या दिवंगत पतीने उभी केली. डिसेंबर २०२१ मध्ये अध्यक्षपदासाठी अर्जदाराचे दोन्ही मुलगे उभे राहिले. थोरला सुशांत, राहणार खांदा कॉलनी. धाकटा निकेश, राहणार कामोठे. मते पंचेचाळीस. बावीस याला, बावीस त्याला, आणि एका मतपत्रिकेवर दोघांच्याही नावापुढे फुली.

२. दुसरी फुली मोजणीच्या वेळी निकेशच्या माणसांनी मारली, असे सुशांत म्हणतो. निकेश नेमके उलटे म्हणतो. तीन वर्षे झाली, संघटनेला अध्यक्ष दोन, शिक्के दोन आणि स्पर्धा एकही नाही.

३. त्या दोन्ही फुल्या अर्जदाराच्या आहेत. कोणी फूस दिली नव्हती. अर्जदाराला वाचता येते, एकच फुली मारायची हेही ठाऊक होते. पहिली फुली थोरल्याच्या नावापुढे मारली. मग खाली धाकट्याचे नाव तसेच कोरे दिसले, ते बघवले नाही. पोरे लहान असताना एकाच्या हातावर खाऊ ठेवून दुसऱ्याला रिकाम्या हाताने कधी पाठवले नाही. मत म्हणजे खाऊ नव्हे, हे अर्जदाराला कळते. त्या क्षणी कळले नाही.

४. मग इतकी वर्षे तोंडाला कुलूप का, असे आपण विचाराल. लाज वाटली, हे आहेच. पण खरे कारण निराळे. निवडणुकीपासून दोघे एकमेकांचे तोंड पाहत नाहीत. अर्जदार न्युमोनियाने दवाखान्यात होती, तेव्हा सुशांत सकाळी येई आणि निकेश संध्याकाळी. दोघांनीही नर्सबाईंकडून एकमेकांच्या वेळा काढून घेतल्या होत्या. आईने दोघांना एकत्र जेवायला बोलावले की दोघांचीही कामे निघतात. आपली नोटीस गेली की मात्र दोघे पावणेअकराला हजर. म्हणून अर्जदार प्रत्येक तारखेला येते. आपल्या शिपायाने एकदा विचारलेही होते, "आजी, तुमचं इथे काय काम?" काम एवढेच, की मागच्या खुर्चीवर बसले की दोघांच्या पाठी एका खोलीत दिसतात. दोघे कबड्डी खेळताना हाताला हात, साखळी धरून मैदानात उभे राहायचे, तेव्हाही अर्जदार त्यांना अशी मागूनच बघायची. खरे बोलले असते तर तारखा बंद पडल्या असत्या. अर्जदाराने स्वार्थ पाहिला.

५. आता गप्प राहणे पाप आहे. गेल्या महिन्यात सुशांतने धाकट्यावर बनावट मतपत्रिकेची पोलीस तक्रार केली. स्वतः येऊन सांगून गेला, "आये, तो आत गेल्याशिवाय मी गप बसनार नाय." अर्जदाराने त्याला ताट वाढले होते. तो जेवला, हात धुतले, निघून गेला, आणि अर्जदाराने खरे न सांगताच त्याचे ताट उचलले. त्या दिवसापासून अन्न गोड लागत नाही. एका मुलाने दुसऱ्याला तुरुंगात धाडायचे, आणि तेही आईने केलेल्या गुन्ह्यापायी.

६. सबब विनंती, की सदर मत खुशाल बाद करावे, पण त्यास बनावट म्हणू नये. अध्यक्ष कोण, हे आपण नियमाप्रमाणे ठरवावे, अर्जदाराची हरकत नाही. जबाबासाठी एक तारीख द्यावी आणि दोन्ही मुलांना समक्ष हजर राहण्याची नोटीस काढावी. जबाब ऐकल्यावर दोघेही अर्जदाराशी बोलणे टाकतील, त्याची तयारी ठेवली आहे.

आपल्या कार्यालयाच्या व्हरांड्यात बाक एकच आहे. साहेबांनी त्या दिवशी कृपा करून अर्धा तास उशिरा यावे.

आपली नम्र,
दोघांची आई,
(सही)
रंभा धर्मराज मढवी
पनवेल, दि. १७ मार्च २०२५

सोबत:
१. सभासद ओळखपत्राची प्रत.
२. ताडून पाहण्यासाठी, अर्जदाराने कोऱ्या कागदावर मारलेल्या दोन फुल्या.