थरथरता बलक

४ मार्च, सकाळ
सूनबाईंनी माझ्या ओट्यावर शस्त्र आणून ठेवलं. एग पोचर म्हणे. झाकणाचं पसरट भांडं, आत चार काळ्या वाट्या. खाली पाणी, वाटीत अंडं, वर झाकण. मी हसून 'छान आहे' म्हटलं. मी कधीच भांडत नाही.

संध्याकाळ
दोघं पुढच्या रविवारी फ्लॅट बघायला जाणार. इथे जागा कमी पडते, असं चिरंजीव म्हणाले. पडणारच. असली भांडी कोण आणतं?

ठरलं. शाळेत सिस्टरनी शिकवलेलं खरं पोच्ड एग करायचं. पाण्यात थोडं व्हिनेगर, चमच्याने भोवरा, त्यात अलगद अंडं. बलक थरथरला पाहिजे. लहानपणी चिरंजीव गळ्यात नॅपकिन बांधून, टोस्टच्या पट्ट्या बलकात बुडवून खायचा. मी चहा घेऊन येईपर्यंत बशी लख्ख. तो घास पुन्हा तोंडात पडला की फ्लॅटबिट विसरेल.

७ मार्च
पाण्यात चिंध्या झाल्या. अंडी शिळी. अंडीवाल्याला तसं सांगितलं. तो म्हणाला, उद्या कोंबडीच घेऊन येतो, तिलाच विचारा. उद्धट.

८ मार्च
पुन्हा चिंध्या. ह्यांनी विचारलं, हे सूप आहे का. ह्यांच्याशी बोलणं बंद.

९ मार्च
सूनबाई आंघोळीला गेल्यावर पोचर वापरून पाहिला. वाट्यांना लोणी मुद्दाम लावलं नाही. अंडी अशी चिकटली की काय सांगू. तिला दिसेल असा सिंकमध्ये ठेवला. ती म्हणाली, आई, लोणी राहिलं वाटतं. आणि स्वतः घासून टाकला. इतक्या गोड आवाजात बोलणाऱ्या माणसांपासून जपून राहावं.

११ मार्च
पोचरमध्ये पाणी घालायचं राहिलं. तिला काय काय सुनावायचं याचा विचार चालू होता. घरभर धूर. भांड्याचं बूड काळंनिळं. सूनबाईंनी खिडकी उघडली, एक शब्द बोलली नाही. तिचं ते न बोलणं शेजारपाजारी ऐकू गेलं असेल.

१४ मार्च, रविवार
जिंकले. एक अंडं अख्खं उतरलं. बलक थरथरत होता. दोघं निघायच्या आत चिरंजीवांपुढे बशी ठेवली आणि उभी राहिले. त्याने काटा टोचला. बलक वाहिला. त्याचा चेहरा परीक्षेच्या दिवशी व्हायचा तसा झाला. मला वाटलं, गहिवरला.

तो म्हणाला, आई, मला पातळ बलक कधीच आवडला नाही. पोचर मीच आणलाय, त्यात घट्ट होतो म्हणून.

मग लख्ख बशीचं काय, मी विचारलं. त्याने बापाकडे पाहिलं. बापाने पेपरात पाहिलं. मी चहा आणायला आत गेले की हे चमच्याने बलक उचलून गिळायचे. रोज. सूनबाई हसली, मग थांबली आणि माझ्या खांद्यावर हात ठेवला. मी तो झटकला नाही, कारण माझ्या दोन्ही हातांत बशी होती.

फ्लॅट त्यांना आवडला.

२८ मार्च
गेली दोघं. दोन गल्ल्या पलीकडे, पण गेली. पोचर घासूनपुसून ओट्यावर ठेवून गेली. 'तुम्हाला राहू दे, आई.' ही शरणागती समजते मी.

२९ मार्च, सकाळ
स्वयंपाकघर पुन्हा माझं. केवढी शांतता. ह्यांच्यासाठी उघड्या पाण्यात अंडं केलं. सिस्टरनी वर्गाला दाखवलं असतं असं उतरलं.

ह्यांनी बशी हळूच बाजूला सारली. म्हणाले, दोन माणसांच्या वाट्याचा पातळ बलक खाऊन झालाय माझा. आता त्या वाटीतलं दे. घट्ट.

पाणी किती आणि गॅस केवढा ठेवायचा, ते विचारायला सूनबाईंना फोन केला. तिने सगळं नीट सांगितलं. मी दोनदा सांगायला लावलं.