तट्ट्यामागचं गिऱ्हाईक

४ जानेवारी १९३२, महाड
मास्तरकी सोडली त्याला आज महिना झाला. पश्चात्ताप नाही. मध्ये दोनदा झाला, पण तो रात्री पोट रिकामं असल्यामुळे. तो धरत नाही.
आवडी अजून पोलादपूरला माहेरीच. सासरे कोंडाजीमामा परवा तोंडावर म्हणाले, जावईबापू, कादंबरीवर चूल पेटत नाय. आधी धंदा दाखवा, मग बायको न्या. ठीक आहे. दाखवतो.
प्लॅन: सकाळी कादंबरी (कथानक नसलेली, मराठीत पहिलीच). संध्याकाळी मोटारस्टँडवर हातगाडी. निखाऱ्यावर भाजलेली कोंबडी. असलं काही महाडात कुणी पाहिलेलं नाही. दोन महिन्यांत आवडी घरी.

९ जानेवारी
हैबती मिळाला. शिवथरच्या वरच्या वाडीतला. मुंबईला सहा वर्षं एका शेगडीवाल्याकडे कोंबड्या भाजत होता. गाडी तो आणणार, शेगडी त्याची, मसाला त्याचा, कोंबड्याही तोच वाड्यावाड्यांतून डालग्यात घालून आणणार. बाकी सगळी जबाबदारी माझी.

११ जानेवारी
ओपनिंग. हैबती म्हणाला, मास्तर, आज सोमवार हाय, कोण खाणार? मी म्हटलं, कोंबडीला वार कळत नाही. आहार आणि स्वातंत्र्य या विषयावर वीस मिनिटं बोललो. गिऱ्हाईक शून्य. तीन कुत्री शेवटपर्यंत थांबली.
घसा बसला म्हणून चहाला गेलो. परत येतो तर दोन कोंबड्या संपलेल्या. भाषणाचा परिणाम जरा सावकाश होतो, एवढंच.

१५ जानेवारी
हैबतीने गाडीच्या मागे, भिंतीच्या अंगाला, बांबूचा तट्टा उभा केला. लोक कोंबडीचं पान घेऊन तडक तट्ट्यामागे जातात. इथे वारा फार आहे.

२ फेब्रुवारी
गाडीचं नाव झालं! दासगावला बोटीतून उतरलेली माणसंसुद्धा विचारत येतात. पाचाडचे चारजण मुद्दाम चालत आले. गाडीवर मी रंगवलेल्या साइनबोर्डाचा गुण. (हैबतीचं मत वेगळं. म्हणतो, उग्र वास मारायला कोंबडीला कोकमाचं आगळ लावतो त्याचा गुण.)
कादंबरी: दोन ओळी. एक खोडली.

१७ फेब्रुवारी
आज एकादशी. मला वाटलं, शुकशुकाट. उलट तट्ट्यामागे बसायला जागा नाही! कापडदुकानातला महिपत सोमवारी येतो, तो आजही आला. दुसरा नेहमीचा येसाजी तर भावाचं सुतक चालू असून आला. डोक्यावरून घोंगडी, घोंगडीच्या आत कोंबडी. केवढी नवी दृष्टी! आणि मी म्हणत होतो, महाड मागासलेलं आहे.
हैबतीला म्हटलं, तट्टा काढून टाक, खाणं ही लपवायची गोष्ट नाही. तो हात जोडून म्हणाला, मास्तर, तट्टा हाय म्हणून धंदा हाय. तुमी आपली कादंबरी लिवा.
सहसा माझ्या लेखनाबद्दल कुणी आपणहून बोलत नाही. बरं वाटलं.

२६ फेब्रुवारी, शुक्रवार
आज मोठा दिवस.
राख टाकायला तट्ट्यामागे गेलो तर कोण? साक्षात कोंडाजीमामा! भजनी मंडळाचे पुढारी, पंधरा वर्षांचे माळकरी. माळ टोपीत काढून ठेवलेली, तोंडात तंगडी. दर शुक्रवारी कोर्टाच्या कामाला म्हणून महाडला येतात, ते काम हे. मला बघून घास अडकला. पाणी दिलं. मग म्हणाले, जावईबापू, तुमी मला बगितलं नाय. मी म्हटलं, समोरच तर आहात. ते पुन्हा म्हणाले, नाय बगितलं. आणि लगेच, पाडव्याला आवडीला पाठवतो. गाडी झकास चालवलीत.
शेवटी माणूस कर्तबगारीपुढे नमतोच. किती संकोची स्वभाव मात्र! कौतुक करायचं तेही भिंतीकडे तोंड करून.
घर सारवून घ्यायचं. आवडीसाठी आरसा बघितला.

१० मार्च
नवी कल्पना. पुण्याच्या पेपरात केसांच्या तेलाच्या जाहिराती येतात, खाली गिऱ्हाइकांचे अभिप्राय. आपल्याकडे तर एकापेक्षा एक गिऱ्हाइकं. शाळेने मोडीत काढलेला फळा आणला. सुवाच्य अक्षरात लिहिलं:
‘रा. रा. कोंडाजी, भजनी मंडळ, पोलादपूर: तंगडी अप्रतिम. दर शुक्रवारी येतो.’
‘रा. महिपत: सोमवार असूनही राहवत नाही.’
‘रा. येसाजी: सुतकातसुद्धा दोन वेळा.’
शब्द माझे, भावना त्यांची. पुढे तारखा घातल्या, म्हणजे कुणाला खोटं वाटायला नको. मामांचं नाव सगळ्यांत वर, रंगीत खडूने. एवढा मान त्यांना कुणी दिला नसेल.
हैबती डालगं घेऊन वाड्यांवर गेलाय. उद्या आला की चकित होईल.

११ मार्च, शुक्रवार
मामा मोटारीतून उतरले. बरोबर मंडळातले दोघे होते, बाजाराला आलेले. तिघांनी फळा वाचला. एकाने मोठ्याने वाचला. मामा त्याच मोटारीत परत चढून बसले. काहीतरी विसरले असावेत.
हैबती आला, फळा बघितला, आणि खाली बसला. बराच वेळ उठला नाही. उन्हातून चालून आला होता.

१३ मार्च
महिपतची बायको ठकूबाई आली होती. तिला वाचता येत नाही, स्टँडवरच्या क्लिनरकडून फळा वाचून घेतला. मग जे बोलली! मेल्या, सोमवारची मी वरी शिजवून वाट बघते, आणि तू हितं हाडं फोडतोस? म्हणे पोट बरं नाय, जेवत नाय! महिपत तेव्हा तिथे नव्हता. सगळं मलाच म्हणाली.
गिऱ्हाईक एक. परगावचा होता. फळा बघून तोही निघून गेला. त्याने विचारलं, नाव सांगावं लागतं का?
हैबतीने फळा पुसला. मी अडवलं नाही. अभिप्राय अधूनमधून बदलावेतच.

१८ मार्च
बातमी: कोंडाजीमामांनी पोलादपूरला देवळात चारचौघांपुढे शपथ घेतली. कोंबडीला शिवलो नाय. जावई खोटारडा हाय. त्याचा आमचा संबंध संपला.
गर्दीत माणूस असं बोलतो. पाडव्यापर्यंत निवळेल. आरसा आणला.

४ एप्रिल
पाडवा तोंडावर आला, निरोप नाही. मी स्वतः जाणार होतो, पण पाय दुखतो. हैबतीला पाठवलं. तो आत्ता आला. विहिरीवर आवडी भेटली म्हणे. तिने सांगितलेलं जसंच्या तसं लिहितो:
‘त्यांना सांगा, बाबा खोटं बोलतात ते मला ठाव हाय. दर शुक्रवारी बाबांच्या उपरण्याला कोळशाचा, लसणीचा वास यायचा. धुणारी मीच. त्या वासावरनं मला कळायचं, आपली गाडी चालली हाय. बरं वाटायचं. आता मी तिकडं आले तर ते खरे आणि बाबा खोटे. देवाची शपथ घेतलीय. म्हाताऱ्याला गावात तोंड दाखवायला जागा ऱ्हाणार नाय. म्हणून मी येत नाय. माझी वाट बघू नका म्हणावं.’
म्हणजे तिला माहीत आहे की मी खरा आहे. नीट बघितलं तर हा माझा विजयच.
दोनदा नीट बघितलं.

पाडवा, सकाळी १०
शेजारी गुढ्या उभ्या राहिल्या. मी काठी काढली होती, परत ठेवली.
हैबती आला. गाडी महिनाअखेरपासूनच बंदराच्या बाजूला लावतोय म्हणाला. फळ्यानंतर गिऱ्हाईक येईना, म्हणून मला वाटत होतं, गाडी बंद आहे. सांगितलं का नाहीस, विचारलं. तर म्हणाला, राग मानू नका मास्तर, तुमी दिसलात की लोक लांबूनच वळतात. तट्टा आता दोन बाजूंनी लावलाय. गर्दी हाय. महिपत येतो, येसाजी येतो. आणि म्हणाला, मागल्या शुक्रवारी मामा पण येऊन गेले.
मी हिशेब केला. मागल्या शुक्रवारचं उपरणं आवडीने शनिवारी धुतलं असणार. तिला वाटलं असेल, आपली गाडी चालली आहे.
हैबतीला म्हटलं, पुन्हा ती विहिरीवर भेटली, तर गाडीचं काही सांगू नकोस.