पडद्यामागून पाहिलेला डावखुरा सरदार

लोणावळा, मार्गशीर्ष वद्य पंचमी

ती. दादाच्या आणि सौ. वहिनींच्या पायांशी धाकट्या अनसूयेने वाकून केलेला नमस्कार पोचावा. इकडे सर्व खुशाल. यांचा खोकला गेला, गाईला कालवड झाली, आणि प्रमोदिनी तुमच्या घरच्यापेक्षा माझ्याकडे दोन घास जास्तच जेवते (वहिनींनी राग मानू नये, इथल्या हवेचा गुण आहे). तुझा गुडघा थंडीत फार धरतो का? तेल लावून शेकत जा. नुसतं दुखतं दुखतं म्हणून गुडघे बरे होत नाहीत. तुला रजा मिळेना म्हणून मुलगी दाखवण्याचं काम तू माझ्यावर टाकलंस, आणि ‘कसं काय झालं ते सविस्तर कळव’ असं तुझं कार्ड आलं. तर कळवते. मुलगी दाखवण्याचा कार्यक्रम उत्तम झाला. त्यानंतर थोडी गडबड झाली, पण ती सिनेमामुळे झाली, आणि सिनेमाची हकीकत आधी सांगितल्याशिवाय ती गडबड तुला उमगायची नाही. पत्राचं शेवटचं पान आधी वाचायची तुझी खोड मला ठाऊक आहे. या खेपेला तेवढं करू नकोस.

तळेगावची मंडळी दुपारच्या गाडीने आली. मुलाचे वडील गोपाळकृष्णपंत, आई शालूबाई आणि स्वतः मुलगा अनंत. मुलगा तिथल्या शाळेत ड्रॉइंग मास्तर आहे हे तुला ठाऊकच आहे. दिसायला नीटस, बोलणं मोजकं, पायात स्वच्छ वहाणा (मी आधी वहाणा बघते). शालूबाई दोनदा म्हणाल्या, ‘मुलाचा हात फार चांगला आहे.’ मी म्हटलं असेलच, ड्रॉइंग मास्तर आहेत. एवढंच खटकलं की पोहे खाताना तो अगदी सावकाश, परक्याच्या घरची काच उचलावी तसा चमचा उचलत होता, आणि तरी दोनदा पोहे धोतरावर सांडले. मी मनात म्हटलं, लाजतोय बिचारा. प्रमोदिनीने गाणं म्हटलं, विणलेला रुमाल दाखवला, प्रश्नांना खाली मान घालून उत्तरं दिली. म्हणजे इतकी खाली मान तिने तुझ्यासमोरसुद्धा कधी घातली नसेल. पत्रिका आधीच जुळलेली. शालूबाईंचा चेहरा असा खुलला होता की मी मनातल्या मनात बुंदी पाडायला घेतली.

आता परतीची गाडी रात्रीची. एवढा वेळ करायचं काय? बाजारामागच्या मैदानात सध्या सिनेमाचा तंबू आला आहे. हे स्टेशनवर पार्सल ऑफिसात, सिनेमाच्या पेट्या यांच्याच हाताखालून जातात, म्हणून तंबूवाल्याचं आग्रहाचं बोलावणं होतं. गोपाळकृष्णपंत जरा कां कूं करत होते, पण चित्रात ऐतिहासिक सरदार आहे, पूजाअर्चा आहे, असं यांनी सांगितल्यावर तयार झाले. दादा, तू अजून सिनेमा पाहिलेला नाहीस म्हणून सांगते. तंबूच्या मधोमध पांढरा पडदा ताणलेला असतो. त्याच्या पुढे पुरुष बसतात आणि मागे बायका. खेळाच्या आधी एक माणूस पडद्यावर पिचकारीने पाणी मारतो. मला वाटलं धूळ बसावी म्हणून मारत असेल. नाही. ओल्या कापडातून चित्र आरपार दिसतं, म्हणजे पुढच्यांना पुढून आणि मागच्यांना मागून. पेटी-तबला पुरुषांच्या बाजूला, आणि चित्रावर मधून मधून जी अक्षरं उमटतात ती मोठ्याने वाचून दाखवणारा माणूसही तिकडेच. त्याचं वाचन तबल्यात बुडून आमच्यापर्यंत नुसतं ‘हे नाथ’ आणि ‘दुष्टा’ एवढंच पोचत होतं. अक्षरं आम्हालाही दिसत होती, पण मला एक लागेल तर शपथ. मी ताडलं की मोडी असणार. आपल्याला बाळबोध तेवढं शिकवलं, मोडी तू शिकलास. (वडिलांनी मलाही शिकवलं असतं तर पुढचा प्रसंग टळला असता असं मला उगीच वाटत होतं.) शेजारी प्रमोदिनी टक लावून वाचल्यासारखं करत होती. मी विचारलं, तुला मोडी येते की काय? म्हणाली, थोडं थोडं लागतंय, आत्या. मी म्हटलं, बरं.

अक्षरं नसली म्हणून काय, आम्हाला डोळे होते. माझ्या एका बाजूला शालूबाई, दुसऱ्या बाजूला प्रमोदिनी, आणि पुढे कुरवंड्याची झुंबरबाई, जी आमच्याकडे सरपण घालते. सरदार घोड्यावरून आला, उतरला, जेवायला बसला, आणि झुंबरबाई मोठ्याने म्हणाली, “अगं बया, ह्यो गडी डावखोरा हाय. डाव्या हातानं भाकर मोडतोय बगा.” आम्ही नीट पाहिलं तर खरंच. सरदार डाव्या हाताने जेवत होता, डाव्या हाताने तलवार उपसत होता, आणि कहर म्हणजे देवघरात उजव्या सोंडेचा गणपती, ज्याचं सोवळं किती कडक, आणि हा त्याला फूल वाहतोय डाव्या हाताने. त्याची बायको आली तर तिचा पदर उजव्या खांद्यावर. शालूबाई हळूच म्हणाल्या, “गुजराथीण दिसते हो.” म्हणजे सगळं कोडं सुटलं. मराठ्याच्या पोराने परजातीची बायको केली, देवाला डाव्या हाताने पुजलं, मग सासरा चिडला, राज्य गेलं, दुधात विष पडलं, यात नवल ते काय? आम्हा बायकांत एवढं एकमत मी हळदीकुंकवालासुद्धा पाहिलेलं नाही. प्रमोदिनी मात्र पदर तोंडावर धरून बसली होती. मला वाटलं तिला रडू येतंय.

खेळ सुटल्यावर मंडळी कॉफीला पुन्हा आमच्याकडे आली. (दादा, आता गडबड जवळ आली.) गोपाळकृष्णपंत म्हणाले, सरदार मोठा धर्मनिष्ठ दाखवला आहे. मी म्हटलं, धर्मनिष्ठ? डाव्या हाताने देवाला फूल वाहणारा? ते म्हणाले, छे, काय तरी बोलता. मी म्हटलं, एवढ्या बायकांनी डोळ्यांनी पाहिलं. आता तुला माझा स्वभाव माहीत आहे. कुणी ‘काय तरी बोलता’ म्हटलं की मी होतं नव्हतं तेवढं सगळं बोलते. मी सांगितलं की डावखुऱ्या माणसाच्या हाताला यश नसतं, चार पानांत जेवायला बसवायची सोय नाही, त्याने टाकलेल्या अक्षता देवापर्यंत पोचत नाहीत. आईबापांना लहानपणी हात बांधून वळण लावता आलं नाही, यावरूनच घराणं कळतं. आणि शेवटी म्हटलं की असला कुणी सोन्याने मढून आला तरी आमच्या घरातली मुलगी त्याला मिळायची नाही. हे कॉफीच्या भांड्याआडून मला खुणा करत होते. मला वाटलं साखर कमी पडली.

तेव्हा अनंताने काय करावं? हातातला पेला बशीवर ठेवला, मग डाव्या हाताने उचलला आणि सगळ्यांदेखत शांतपणे कॉफी प्याला. मला इतकं हसू आलं. मी म्हटलं, पाहा, सरदाराची नक्कल किती हुबेहूब करतात. कुणीच हसलं नाही. शालूबाई उठल्या आणि गाडीची वेळ झाली म्हणाल्या. गाडीला अजून चांगला अवकाश होता. मंडळी गेली. यांनी दार लावलं आणि मला शांतपणे सांगितलं (हे शांतपणे बोलतात तेव्हा मी घाबरते) की अनंत डावखुरा आहे. तंबूत तो यांच्या शेजारी बसला होता, मध्यंतरात त्याने जाहिरातीच्या कागदामागे त्या सरदाराचा मुखडा काढला, तो डाव्या हाताने, आणि असा काढला की मागेपुढे बसलेले लोक विड्या सोडून कागद बघायला लागले. पोहे का सांडले ते मला तेव्हा कळलं. आईने बजावलं असणार, आजचा दिवस उजवा हात वापर.

माझ्या जिवाला काय वाटलं ते कागदावर कशी लिहू? तुझी मुलगी, तुझा विश्वास, आणि मी एका सिनेमातल्या माणसाच्या पायी ते स्थळ उधळलं. पण दादा, त्याच्याबरोबर मला आणखी एक गोष्ट स्वस्थ बसू देईना. माझ्या बोलण्याला आधार तरी होता ना? तो सरदार होता ना डावखुरा? मग गोपाळकृष्णपंत इतक्या खात्रीने ‘छे’ का म्हणाले? म्हणून दुसऱ्या दिवशी मी यांच्यामागे लागले आणि तंबूवाल्याच्या यंत्राशेजारी, शालीत तोंड गुंडाळून, पुरुषांच्या बाजूने उभी राहून तोच खेळ पाहिला. सरदार उजव्या हाताने जेवला. गणपतीची सोंड डावीकडे. बायकोचा पदर आपल्यासारखा डाव्या खांद्यावर, म्हणजे ती घरंदाज मराठमोळी. आणि अक्षरं मोडी नव्हतीच. स्वच्छ बाळबोध. आरशात पाहावं तसं मागून सगळं उलटं दिसत होतं. म्हणजे मी ज्याला नावं ठेवली तो उजवा, आणि ज्याच्यासमोर ठेवली तो डावा.

मग यांनाही चैन पडेना. बायकांना कसं दिसतं ते एकदा बघावं म्हणून हे पडद्याला वळसा घालून मागे डोकावले. झुंबरबाई दुसऱ्यांदा आलेली होती. तिने “बापय मानसाचं हितं काय काम?” म्हणून यांना असं हाकललं की टोपी तिथेच राहिली. खरं सांगू? पुढून पाहिलेला खेळ मला बेताचाच वाटला. सासरा का चिडला तर म्हणे प्रधानाने खोटी अंगठी दाखवली. असं कुठे असतं? आमची गोष्ट जास्त पटण्यासारखी होती. तू कधी पाहिलास तर कोणत्या बाजूने बसलास ते आधी कळव, मग मत कळव.

असो. देवाच्या मनात असेल तसं होईल. तळेगावहून निरोप येईल तेव्हा येईल, आपण आपलं स्वस्थ राहावं. वहिनींना सांग की मेतकूट पोचलं, मीठ जरा पुढे आहे. मुलांना आशीर्वाद.

तुझी धाकटी बहीण,
अनसूया

ता. क. देवाच्या मनात काय आहे ते वर लिहिलं खरं, पण तळेगावचा निरोप कालच आला आहे. पत्रिका जुळत नाही म्हणतात. आधी जुळलेली पत्रिका आता जुळत नाही, म्हणजे तुला काय ते समजलंच. तेव्हा रजा मिळो न मिळो, तू हे पत्र पोचताच निघ आणि स्वतः तळेगावला जाऊन त्यांना भेट. माझी बहीण लहानपणापासून तोंडाळ आहे, बिनडोक आहे, वाटेल ते सांग, मी कुठे अडवते? फक्त मी पडद्याच्या उलट्या बाजूने सिनेमा पाहिला आणि मला कळलं नाही, एवढं सांगू नकोस.

ता. क. दुसरा. तेही सांगितलंस तरी चालेल.

ता. क. तिसरा. हे प्रमोदिनीच्या सांगण्यावरून लिहीत आहे. तिला चित्र उलटं आहे हे पहिल्याच अक्षरांना कळलं होतं आणि तिने खेळभर ती अक्षरं उलटी वाचली. पदराआड रडत नव्हती, हसत होती. मी चिडून विचारलं, मग माझ्या तोंडावर हात का नाही ठेवलास, कार्टे? ती म्हणाली, ठेवणार होते, पण आत्या, तू शिव्या चित्रातल्या माणसाला देत होतीस. ते मास्तर गप्प बसले असते तर कुणाला कळलंही नसतं. आईने दिवसभर लपवायला लावलेला हात त्यांनी तेव्हा सगळ्यांसमोर पुढे केला. माणूस कसा आहे हे मला पोह्यांच्या वेळी कळलं नव्हतं, ते तेव्हा कळलं. मला तेच घर हवं आहे. बाबांना सांग, तळेगावच्यांनी नाही म्हटलं असलं तरी पुन्हा एकदा विचारा, आणि बाबांना संकोच वाटत असेल तर मी स्वतः मास्तरांना पत्र लिहीन.

मुलीने आपणहून मुलाला पत्र लिहायचं म्हणजे काय, तूच सांग. मी रागावले आणि दौत कपाटात घालून कुलूप लावलं. दुपारभर ती तांदूळ निवडत बसली होती, आणि दादा, तिचं तोंड मला बघवेना. दौत पुन्हा बाहेर काढून तिच्यासमोर ठेवली आहे आणि मी पोस्टात निघाले आहे. तिच्या पत्राआधी तू तळेगावला पोचलास तर बरं.