जावयाचा उजवा पाय

२ मे १९६१, भिलाई
आईने शेवटी विषय काढलाच. येत्या पंधरा तारखेला अधिक महिना लागतो. सुमीच्या लग्नानंतरचा पहिला. म्हणजे जावयाला वाण, धोंडे-अनारसे, नवं धोतर, आणि जेवायच्या आधी त्याचे पाय धुवायचे. बाबा नाहीत, तेव्हा धुणार मी.
दिवाकरचे!
मी म्हटलं, मला जमणार नाही. तर आई, "मंग कोन धुवन? शेजारी?"
गुडघा सकाळपासून ठणकतोय. त्यालाही बातमी लागली वाटतं.

४ मे
दिवसभर कारखान्याच्या स्टोअरमध्ये हातमोजे वाटले. रांगेतल्या एका नव्या छत्तीसगढी कामगाराने माझ्या उंचीकडे बघत माझ्या जोडीदाराला, साहूला विचारलं, "अतका ऊँच मनखे इहाँ का करत हे?" साहू वरच्या फळीकडे बोट दाखवून म्हणाला, "ऊपर के खाना ले सामान उतारथे." सगळे हसले. मीही हसलो, दात दाखवायला काय जातं.
रेल्वेच्या टीममध्ये होतो तेव्हा बास्केटबॉल खेळायचाच पगार मिळायचा. टेबल नावापुरतं, त्यावर दुसऱ्याच कुणाचा डबा असायचा. नागपूरला पोरं सही मागायची. त्याच खेळासाठी इथं बोलावून आणलं मला, भट्टीला अजून परांची बांधलेली होती तेव्हा. दिवाकरही माझ्याच मागे आला. मीच आणला त्याला. आता मी शिडी न लागणारा स्टोअरवाला आणि साहेब टीमचे कॅप्टन.

७ मे, रवि.
मैदानावर मॅच. गेलो नाही. ओरडा क्वार्टरपर्यंत येतो, खिडकी लावली तरी येतो. लावून बसलो तर उकाड्याने जीव जायची वेळ.
लिहूनच टाकतो. प्रॅक्टिस होती, साधी. दुसऱ्या दिवशी कॅप्टन ठरणार होता, मी किंवा दिवाकर. रिंगखाली चेंडूसाठी उडालो. खाली आलो तर माझ्या पायाखाली जमीन नाही, दि.चा उजवा पाय. याला आम्ही खेळणारे 'पाय पेरणे' म्हणतो. गुडघ्यातून आवाज आला तो मला अजून ऐकू येतो. दि. वाकून म्हणाला, "पाय मधात आला बे." पाय आपोआप मधात येत नसतो, आणावा लागतो. पण पाहिलं कुणी? सगळ्यांचे डोळे वर, चेंडूवर.
मग हा गृहस्थ रोज हॉस्पिटलात डबा घेऊन हजर. आई विरघळली. "असा पोट्टा दिवा घेऊन शोधला तं भेटनार नाही." सुमी माझ्या उशाशी बसलेली असायची, तो आला की पदर सारखा करायची. मला दिसत होतं. सांगावंसं वाटलं, पण पुरावा काय देणार? लोक म्हणाले असते, लंगडा जळतो. तोंड दाबून बुक्क्यांचा मार.

११ मे
आईबरोबर सुपेल्याच्या बाजारात. धोतरजोडी, तांब्याचं ताट, वाणाचा दिवा. आईला दुकानात एक धोतर पसंत पडेना. "जवाई उंच हायेत, आखूड होईन." दुकानदाराने माझ्या अंगाला लावून मापलं. तसाच उभा राहिलो.

१६ मे
सुमी आली, दुर्गहून, एकटी. मोहन नगरात सासरी असते. अनारशांचं पीठ मळता मळता बोलली.
"दादा, तू यायच्यासंग बोलत कावून नाही? सासू मले टोमने मारून राहिली. म्हनते, तुया भाऊ आमच्या पोराले पाहून तोंड फिरवते. रविवारी पाय धुवाच्या वक्ताले असंच केलं तं मी त्या घरात कशी राहू?"
गुडघ्याचं सगळं ओठांवर आलं होतं. गिळलं.
"नीट धुवीन," म्हणालो.
"माह्यासाठी."
हो, तुझ्यासाठीच. त्याच्यासाठी मी चूळ भरायला पाणी देणार नाही.

२१ मे, रवि.
झालं एकदाचं.
दि. नवं धोतर नेसून खुर्चीवर. समोर परात. आई विधवा म्हणून दारातच थांबली, तेव्हा पाण्याचा तांब्या सुमीच्या हाती. मी गुडघा आखडत खाली बसलो. "द्या पाय." मैदानावर अरे-तुरे होतं, आता अहो-जाहो. जिभेला फोड यावा तसं होतं.
त्याने डावा पाय दिला. धुतला. पुसला. उजवा येईना. खुर्चीखाली ओढून घेतलेला.
दारातून आई, "जवाई, तो दुसरा?"
"एकच पुरे, आई."
मग मान खाली घालून, मला एकट्यालाच ऐकू जाईल असं, "तो नको बे, माधव."
किती दिवसांनी 'बे'. तेव्हाच्याच आवाजात.
म्हणजे आणलाच होता! मी वेडा नव्हतो. हात खुर्चीखाली घातला आणि घोटा धरून पाय बाहेर ओढला. त्याने जोर केला नाही. घोटा पुरता माझ्या मुठीत. कसा पिळला की काय तुटतं, हे मला डॉक्टरांनी हाडाचं चित्र काढून समजावलेलं आहे. दि.ने डोळे मिटून घेतले, वाट बघत असल्यासारखे. सुमीची धार थांबली.
"ओत," मी म्हटलं.
तिने ओतलं. मी बोटांच्या बेचक्यांसकट पाय धुतला, पुसला, कुंकू लावलं. माफ नाही केलं. आई म्हणाली, किती मनापासून केलंस रे.
धोंडा त्याने एकच खाल्ला. मी चार खाल्ले.

२२ मे
दि. रात्रीच्या पाळीसाठी कालच गेला. सुमी आज निघाली. निघण्याआधी परात घासत होती.
"दादा, यायनं उजवा पाय कावून लपवला?"
"खेळताना लागलं असेल काही."
"काही नाही लागलं. रोज पायते मी तो पाय."
ती घासतच राहिली, परात केव्हाच लखलखीत झाली होती.
बसपर्यंत सोडायला गेलो, लंगडत. ती मुद्दाम हळू चालली. पायरीवर चढून वळली आणि माझ्या गुडघ्याकडे बघत राहिली, कंडक्टर ओरडेपर्यंत.
"रविवारी येतो आम्ही," म्हणाली. "दोघंही."