काजळी पुसून उठलेल्या ताईला

प्रिय ताई,

उद्या टोपी बाजारातल्या वाचनालयात तुझी शोकसभा आहे आणि धाकटी बहीण म्हणून मला चार शब्द बोलायचे आहेत. ते शब्दही सभा भरवणाऱ्या नानासाहेबांनीच लिहून दिलेत. "प्रकृतीच्या कारणाने बाईंनी चित्रपट सोडले." हद्द झाली! तुला घेऊन गेलेल्या या विषमज्वराआधी तुला कधी शिंक तरी आली होती का?

मी म्हटलं, "ताईला काढलं होतं, नानासाहेब." तर म्हणतात, "अहो कुसुमताई, सरदार मंडळी येणार. गेलेल्या माणसाबद्दल वेडंवाकडं कशाला बोलायचं?" वेडंवाकडं! म्हणून हे तुलाच लिहितेय. भांडायला घरात आता दुसरं आहे कोण?

कोल्हापूरला गेलीस तेव्हा चित्रपट कंपनीत तुला 'ग्वाल्हेरची परदेशीण' म्हणायचे. तुझ्या मराठीत हिंदी डोकावली की सगळे खो खो हसायचे. दोन वर्षं तुला राणीमागे चवरी ढाळत मुकाट उभं केलं. तू आरशासमोर घोकून घोकून बोली सुधारलीस आणि नायिका झालीस. मी इथे दाल बाजारात भेटेल त्याला सांगत सुटले होते गं!

मग तो दगड फोडणाऱ्या बाईचा बोलपट आला. तू गोरीपान, म्हणून तेलात काजळी कालवून तुझ्या तोंडाला, हातांना फासायला घेतली. आणि बाहेर आवारात खरी दगड फोडणारी बाई, यल्लू, खडी फोडत बसलेली! तू पदराने तोंड पुसलंस आणि उठलीस. "जिचा हा रंग आहे, तिला बोलवा." मालक हसले, "तिला बोलता कुठे येतं?" रागावलीस की तू हिंदीवर यायचीस, तशी आलीस. "मुझे आता था क्या? मी शिकले, तीही शिकेल!"

तुझं काम गेलं. भूमिका दुसऱ्या गोऱ्या बाईला मिळाली, काजळीसकट. तू मात्र यल्लूचा हात धरून तीन वर्षं कंपन्यांची दारं ठोठावलीस, मासिकांना खरमरीत पत्रं पाठवलीस. शेवटी एकाने तिला बोलायला चार वाक्यं दिली. 'चार वाक्यं, कुसुम! आणि कुणी हसलं नाही!' असं तू कळवलंस. स्वतःला काम नव्हतं, तरी किती खूश होतीस!

आणि मी? तुला काढलं त्या आठवड्यात मी काय लिहिलं होतं, आठवतं? 'माफी माग. काजळीच तर आहे, धुतली की जाते.' दोन महिने तुझं उत्तर नाही. घरी परत आलीस तेव्हाही त्यावर एक अक्षर बोलली नाहीस. दोन शिव्या तरी द्यायच्या होत्यास! माझी चूक कबूल करायची राहूनच गेली, ताई.

नानासाहेबांचा कागद मघाशीच चुलीत घातला. उद्या सरदार येवोत नाहीतर खुद्द महाराज, तुला का काढलं ते मी सांगणार. यल्लूचं नाव घेणार. कुणी 'बस करा' म्हणालं तरी बिलकूल खाली बसणार नाही. आणि तुला माफी मागायला सांगणारी बाई मीच, हेही भर सभेत सांगणार. शब्द देते.

तुझी, आता तरी तुझ्या बाजूची,
कुसुम