पत्त्यावर आढळला नाही

२ फेब्रुवारी
लेकीचा परदेशातून फोन. एप्रिलअखेर बाळंत होणार. जावयाची नाइट शिफ्ट, घरात तिसरं माणूस नाही. ही म्हणाली, मी एकटी विमानात पाय ठेवणार नाही. म्हटलं, मी आहे ना! हिचा पासपोर्ट आहेच, भावजयीबरोबर परदेशी सहलीला गेली होती तेव्हाचा. माझा नाही. काढू. त्यात काय एवढं?

५ फेब्रुवारी
अर्ज भरला. म्हणजे हिने भरला, मी शेजारी बसून लक्ष ठेवलं. नेटवर वाचलं, परदेशी जाणं हा माणसाचा हक्क आहे, सरकारची मेहेरबानी नव्हे. दुकानात गिऱ्हाइकाला ऐकवलं. त्याच्या चष्म्याचा नंबर काढत होतो, त्यामुळे त्याला उठून जाता आलं नाही.

११ फेब्रुवारी
पासपोर्ट ऑफिसात कागद पास. बाई म्हणाल्या, आता पोलीस घरी चौकशीला येतील. पोटात गोळा आला. भीतीचा नव्हे. सकाळी नीट खाल्लं नव्हतं.

१२ फेब्रुवारी, पहाट
झोप नाही. आयुष्यात एकही गुन्हा केलेला नाही. हेच त्यांना संशयास्पद वाटलं तर?

१४ फेब्रुवारी
जय्यत तयारी. साक्षीदार म्हणून समोरच्या ब्लॉकमधले मास्तर. त्यांना बजावलं, पोलिसांपुढे स्वतःचं डोकं चालवायचं नाही, मी म्हणेन त्याला फक्त 'हो'. तालीम घेतली. मास्तरच पोलीस झाले आणि मास्तरच साक्षीदार. मी जरा अडखळलो, कारण मास्तर पोलिसाचा आवाज फारच खरा काढतात.

१९ फेब्रुवारी
दुकानात खाकी शर्टवाला शिरला. स्क्रू आवळताना माझ्या हातून त्याच्या चष्म्याची दांडीच मोडली. नवी फ्रेम फुकट दिली. कुरिअरवाला निघाला.

२३ फेब्रुवारी
आले! नेमकी ही भाजीला गेलेली. साखळी न काढता दार उघडलं. साध्या कपड्यातला माणूस, काखेत फाइल. माझं पूर्ण नाव घेऊन म्हणाला, हे इथेच राहतात ना, पोलीस स्टेशनमधून आलोय.
तोंडातून निघालं, नाही.
मग तुम्ही कोण, म्हणे. भाडेकरू, म्हटलं. तेवढ्यात समोरून मास्तर आले. हवालदारांनी विचारलं, हे भाडेकरू का? मास्तरांनी माझ्याकडे पाहिलं आणि ठणठणीत आवाजात 'हो' म्हणाले. वर, सज्जन माणूस आहे, असंही म्हणाले. पढवावं तरी किती!
घाबरलो होतो. डायरीपासून काय लपवायचं? पण क्षणभरच.

२४ फेब्रुवारी
शांतपणे विचार केला. एका परीने बरंच झालं. चुकीचा रिपोर्ट गेला की वरचे साहेब जातीने लक्ष घालतात. हिला सांगितलं नाही. उगाच तिचं बीपी वाढायचं. (बीपी मला आहे. पण तिलाही होऊ शकतं.)

९ मार्च
मेसेज आला. अर्जात नंबर हिचाच होता, त्यामुळे हिने वाचला. 'अर्जदार दिलेल्या पत्त्यावर आढळला नाही.' सगळं सांगावं लागलं. ही म्हणाली, मग इतकी वर्षं मी डबा कोणाचा भरतेय?

१३ मार्च
ऑफिसात गेलो. हक्कावरचं भाषण आरशासमोर घोटून तयार. खिडकीतल्या साहेबांनी मान वर केली. म्हटलं, सॉरी सर. फेरचौकशी होईल, वेळ लागेल, म्हणाले. किती, ते विचारलं नाही. मागे रांग होती, लोकांचा खोळंबा नको.

१४ एप्रिल
ही गेली. एकटी. विमानतळावर तिचे हात गार पडले होते. मी धीर दिला, घाबरण्यासारखं काही नसतं. तिने बॅग स्वतःच उचलली. आत गेल्यावर मागे वळली नाही. गर्दी होती, दिसलो नसेन.

२७ एप्रिल
नात झाली! रात्रीच कळा सुरू झाल्या, जावई कामावर. हिने परक्या भाषेत पत्ता सांगून ॲम्ब्युलन्स बोलावली, लेकीला धरून जिना उतरवला. हिने! लेक म्हणाली, बाबा, आई होती म्हणून निभावलं. म्हटलं, मी होतोच की फोनवर. तिने फोन ठेवला. दुकान उघडलं नाही. कोणाला तोंड दाखवावंसं वाटेना.

३ मे
बेल. साखळी काढून सताड दार उघडलं. तेच हवालदार. त्यांनी विचारायच्या आत म्हटलं, मीच तो. भाडेकरू ना, म्हणत हसले आणि आत येऊन बसले. चार साधे प्रश्न, दोन सह्या. मास्तरांना बोलावलं, त्यांनीही सही केली. एवढंच होतं.
निघताना सहज विचारलं, कशासाठी जायचंय? लेकीच्या बाळंतपणाला, म्हटलं. कधी आहे, म्हणाले.
झालं, म्हटलं.
चपला घालता घालता म्हणाले, मग काही घाई नाही.